लहान मेमोही लहान नसतो
(कोसाड येथील बैठकीत केलेले भाषण)



आपल्या घराघरांत कुणी ना कुणी कारखान्यात नोकरीला आहे. म्हणून पुण्याचा एक खटला सांगतो. २६ ऑगस्ट १९८३ रोजी सकाळी ११.४० वाजता भारत फोर्जचा एक कामगार कामाच्या जागी झोपलेला सापडला. चौकशी होऊन तो बडतर्फ झाला. कामगार न्यायालयाला शिक्षा फार कडक वाटली; पण २००५ साली सर्वोच्च न्यायालयाने बडतर्फीच कायम केली. कारण, आधी तीनदा गैरवर्तनाबद्दल त्याला किरकोळ शिक्षा झाल्या होत्या.

अपराधाच्या मानाने शिक्षा जबर असेल तर ती कमी करण्याचा अधिकार १९७१ च्या दुरुस्तीने, कलम ११अ घालून, कामगार न्यायालयांना मिळाला. २०२० च्या औद्योगिक संबंध संहितेने तो न्यायाधिकरणाकडे ठेवला आहे. पण तो अधिकार नुसत्या दयेपोटी वापरायचा नसतो. मागचे रेकॉर्डही पाहिले जाते.

तेव्हा लहानसा मेमो आला तरी लेखी उत्तर द्या, त्याची पोच घ्या. चौकशीला हजर राहा. न समजलेल्या कागदावर सही करू नका. उद्या न्यायाधीशासमोर आपल्या बाजूने बोलतील ते हेच कागद.