आजारपणाची रजा आणि निवृत्तिवेतन

श्रोतेहो, वडनेर भोलजीसारख्या गावातला शिक्षक महिनाभर अंथरुणाला खिळला, की त्याला धास्ती पडते: हे दिवस पेन्शनीतून गेले म्हणायचे का?

तर तसे नाही. १ नोव्हेंबर २००५ पूर्वी नोकरीला लागलेल्यांसाठी महाराष्ट्राचे १९८२ चे निवृत्तिवेतन नियम आहेत. त्यांत पगारी रजा, मग ती अर्धपगारी का असेना, सेवेत धरतात. बिनपगारी असाधारण रजाही धरतात. मात्र ती वैद्यकीय दाखल्यावर मंजूर झालेली हवी.

दहा वर्षांची सेवा भरल्यावाचून दरमहाचे निवृत्तिवेतन नाही. तिथे एकेक महिना मोलाचा! म्हणून अर्जाला दाखला जोडा, मंजुरीचा हुकूम जपून ठेवा आणि सेवापुस्तकातली नोंद स्वतःच्या डोळ्यांनी पाहा. वीस वर्षांनी तो डॉक्टर कुठे शोधाल?