चिमुकल्या कुत्र्याची थंडी

घंगाळातले कढत पाणी बराच वेळ ऊन राहते. तेच फुलपात्रात ओतून ठेवा, पाहता पाहता निवते. लहान कुत्र्याचे असेच आहे. त्याच्या अंगाची ऊब आपल्यापेक्षा अधिक, सुमारे १०१ ते १०२.५ अंश फॅरनहाइट. पण वजनाच्या मानाने कातडीचा पसारा मोठा, म्हणून ती लवकर निघून जाते. त्यातून डॅशहंडसारख्यांचे केस आखूड आणि पोट जमिनीला टेकलेले!

‘कुत्र्याला कसली थंडी?’ असे मीही म्हणत असे. एका पौषात आमचे दोन महिन्यांचे पिलू रात्रभर उघड्या शहाबादी फरशीवर राहिले. रात्री कुडकुडत होते, पहाटे शांत दिसले. मला वाटले, निजले. पत्नीने कान चाचपले, तो गार! तिने त्याला शालीत गुंडाळून पोटाशी धरले आणि आम्ही पशुवैद्याकडे धावलो, म्हणून ते वाचले. गारठलेल्या, मलूल जिवाची थरथर थांबली तर ती झोप समजू नका, बरं का. ती धोक्याची खूण आहे.

मग करावे काय? फरशीवर पोते, त्यावर जुनी गोधडी. आंघोळ दुपारच्या उन्हात, आणि अंग लगेच कोरडे करावे. गरम पाण्याची पिशवी फडक्यात गुंडाळूनच द्यावी. बंद खोलीत कोळशाची शेगडी मात्र कधीच नको; तिचा विषारी वायू माणसालाही सोडत नाही.

आणि हो, एखादे पोते जिन्याखालच्या बेवारस पिलासाठीही टाका. त्याचेही फुलपात्र तेवढेच लहान आहे.