हसून झाल्यावर



संपाच्या गोष्टी बोलण्यात ज्याचे केस पिकले, त्याने विनोदी मूकपटांवर बोलावे याचे आपणांस नवल वाटेल. आमचे शिक्षण शाळेत थोडे आणि विडी कामगारांच्या ओसरीवर अधिक झाले. हा विषयही आम्ही तेथेच शिकलो.

छोटा विनोदी मूकपट आपल्याला परका नाही. ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ साली आला आणि पुढल्याच साली दादासाहेब फाळक्यांनी ‘पिठाचे पंजे’ काढला. त्याच १९१४ साली अमेरिकेत पंचवीस वर्षांच्या चार्ली चॅप्लिनने ‘डो अँड डायनामाइट’ काढला. पावभट्टीचे कामगार संपावर जातात, वेटर चार्ली त्यांच्या जागी कणीक मळू लागतो, आणि चिडलेले संपकरी पावात डायनामाइट दडवतात. पुढे काय उडते, हे सांगायला नको.

माघ पौर्णिमेची यात्रा आटोपल्यावर एकदा कचारगडाच्या पायथ्याच्या वस्तीत आमची सभा होती. सभेनंतर चादर बांधून आम्ही हा पट लावला. आम्हीही तो प्रथमच पाहत होतो. कोणी गोंडी बोलणारे, कोणी मराठी, कोणी छत्तीसगढी. पण कोणालाच काही समजावून सांगावे लागले नाही. चार्ली कणकेत रुतला, माणसे हसली. डायनामाइट पावात गेले, तेव्हाही हसली. आम्ही मात्र खजील झालो. संपकरी म्हणजे घातपाती, हे शिकवायला का आम्ही वर्गणी खर्चिली?

उठताना विडी वळणाऱ्या एका आजीबाईंना आम्ही विचारले, “कसा वाटला?” त्या म्हणाल्या, “लय हसलो जी. पण पाव भाजणाऱ्यांच्या घरी त्या दिवशी चूल पेटली का, ते नाही दाखवलं.”

चॅप्लिनलाही ती चूल पुढे दिसली असावी. १९३६ च्या ‘मॉडर्न टाइम्स’मध्ये गाडीवरून पडलेले निशाण तो परत द्यायला धावतो, मागून कामगारांचा मोर्चा येतो, आणि पोलीस त्यालाच पुढारी समजून धरतात. बावीस वर्षांपूर्वी संपकऱ्यांच्या जागी राबणारा तोच चार्ली आता मोर्चाच्या तोंडाशी उभा होता. त्यातही हसूच आहे. फक्त ते मार खाणाऱ्याच्या बाजूचे आहे.

तेव्हा असे पट बंद करा, असे आम्ही म्हणणार नाही. मुलाबाळांसह पाहा, पोटभर हसा. हसून झाल्यावर मात्र आजीबाईंचा प्रश्न विचारायला विसरू नका.