जन्माचा दाखला आणि उघडें दार
(शेतकरी व कारागीर मंडळींपुढें झालेलें भाषण)



आज मी तुम्हांला दूरच्या मुलखांतली एक हकीकत सांगणार आहें. तींत सत्ताधीश आहेत, फौजा आहेत. पण मला बोलावयाचें आहे तें पाद्र्यांविषयीं आणि कुणब्यांविषयीं. धर्माची खरी परीक्षा घराच्या दारांत होते, एवढेंच मला सांगावयाचें आहे.

प्रथम यहुदी कोण तें सांगतों. आपल्या कोंकणांत तेलाचा घाणा चालविणारे आणि शनिवारीं तो बंद ठेवणारे म्हणून ज्यांना ‘शनवार तेली’ म्हणत, ते बेने इस्राएल यहुदीच. येथें ते शेजाऱ्यापाजाऱ्यांत मिसळून राहिले. युरोपांत मात्र पाद्र्यांनींच शेंकडों वर्षें शिकविलें कीं, यहुद्यांनीं ख्रिस्ताला मारलें. ख्रिस्त स्वतः यहुदी आईच्या पोटीं जन्मला, ही गोष्ट ते सोयीनें विसरले. मार्टिन ल्यूथर एवढा मोठा सुधारक. पण त्यानेंही १५४३ सालीं यहुद्यांविरुद्ध विषारी पुस्तक लिहिलें. असें बी पेरल्यावर पीक काय येणार?

तें पीक हिटलरनें कापलें. ३० जानेवारी १९३३ रोजीं तो जर्मनीचा मुख्य प्रधान झाला आणि एप्रिलांतच ‘आर्य’ नसलेल्यांना सरकारी नोकरींतून काढण्याचा कायदा झाला. ‘आर्य’ हा शब्द आपल्या कानांना नवा नाहीं. त्या नांवामागें दडलेला जन्माचा तोरा जोतीराव फुल्यांनीं आपल्या वाडवडिलांना उघडा करून दाखविला होता. जर्मनींत त्याच शब्दाचें हत्यार झालें. १९३५ च्या न्यूरेंबर्गच्या कायद्यांनीं ठरविलें कीं, ज्याच्या चार आजे-आज्यांपैकीं तिघें किंवा चौघें यहुदी, तो यहुदी.

आतां गंमत पहा. हे लोक म्हणत, यहुद्यांचें रक्तच निराळें. पण रक्तावर कांहीं शिक्का नसतो. मग ओळखणार कसें? त्यासाठीं चर्चच्या बाप्तिस्म्याच्या वह्या उघडाव्या लागल्या. कोणाच्या आजाला पाण्याचा संस्कार झाला होता, हें पाहून पाद्री दाखले लिहून देत बसले. मोठ्या छळाला तलवार लागते, तशी वहीही लागते. वही लिहिणाऱ्याच्या हाताला रक्त दिसत नाहीं, एवढाच फरक.

सप्टेंबर १९३३ मध्यें प्रशियाच्या प्रॉटेस्टंट चर्चनें हाच जन्माचा नियम आपल्या पाद्र्यांना लावला. यहुदी वंशाचा माणूस ख्रिस्ती झाला तरी पाद्री राहूं शकत नाहीं, असें ठरलें. तेव्हां बर्लिनमधल्या डाहलेमचे पाद्री मार्टिन नीमोलर यांनीं विरोधासाठीं पाद्र्यांचा संघ उभारला. कांहीं महिन्यांत हजारों पाद्री त्यांत आले. नीमोलर यांना १ जुलै १९३७ रोजीं पकडलें, आणि १९४५ पर्यंत ते कैदेंत होते. धैर्याचा हा मान त्यांना दिलाच पाहिजे.

पण मंडळी, येथें एक खोट आहे, आणि ती पुढें नीमोलर यांनीं स्वतःच कबूल केली. हा झगडा मुख्यतः चर्चच्या हक्कांचा होता. बाप्तिस्मा घेतलेल्या आपल्या माणसांसाठीं ते उभे राहिले. रस्त्यावर मार खाणाऱ्या, बाप्तिस्मा न घेतलेल्या यहुद्यासाठीं फार थोडे बोलले. १९३४ सालीं बार्मेन येथें या पक्षानें मोठा जाहीरनामा काढला. त्यांत यहुद्यांविषयीं एक अक्षर नाहीं. स्वतःच्या कुंपणाला आग लागली तेव्हां ओरड झाली. शेजाऱ्याचें घर जळत होतें, तेव्हां मुकाट्यानें पाहिलें.

सगळेच तसे नव्हते. डीट्रिख बोनहोफर या तरुण पाद्र्यानें १९३३ सालींच लिहिलें होतें कीं, राज्याच्या अन्यायाला जे बळी पडतात ते ख्रिस्ती नसले तरी चर्च त्यांचें देणें लागतें. ९ एप्रिल १९४५ रोजीं त्याला फांशी दिलें. बर्लिनचे रोमन कॅथॉलिक धर्मगुरु बर्नहार्ड लिख्टेनबर्ग यांची गोष्टही ऐका. नोव्हेंबर १९३८ मध्यें यहुद्यांचीं प्रार्थनामंदिरें जाळलीं गेलीं. त्यानंतर रोज सायंकाळीं ते सर्वांसमक्ष मोठ्यानें यहुद्यांसाठीं प्रार्थना करूं लागले. अखेर १९४१ सालीं कोणीं चहाडी केली. ते तुरुंगांत गेले, आणि ५ नोव्हेंबर १९४३ रोजीं डाखाउच्या छळछावणीकडे नेले जात असतां वाटेंत वारले. एवढ्या मोठ्या राजधानींत असा आवाज जवळजवळ एकटाच होता.

आतां राजधानी सोडून डोंगरांत चला. फ्रान्सच्या मध्यभागीं उंच पठारावर ल शांबों नांवाचें गांव आहे. हिंवाळ्यांत तेथें खूप बर्फ पडतें. वस्ती बहुतेक गरीब प्रॉटेस्टंट शेतकऱ्यांची. १६८५ सालीं फ्रान्सच्या राजानें त्यांच्या पंथावर बंदी घातली, तेव्हां त्यांच्या पूर्वजांनीं तुरुंग आणि जुलूम सोसला होता. गांवचे पाद्री आंद्रे त्रोक्मे. जून १९४० मध्यें फ्रान्सनें हार खाल्ली, त्याच्या दुसऱ्याच दिवशीं त्यांनीं व त्यांचे सोबती एदुआर तेइस यांनीं देवळांत सांगितलें कीं, जुलमाशीं आपण शस्त्रानें लढणार नाहीं, आत्म्याच्या बळानें लढूं.

पुढें एका बर्फाळ रात्रीं पाद्रीणबाई माग्दा यांचें दार कोणी ठोठावलें. बाहेर जर्मनींतून पळून आलेली एक यहुदी बाई कुडकुडत उभी होती. माग्दाबाईंनीं नांवगांव विचारण्याआधीं तिला आंत घेतलें. तिचे ओले जोडे चुलीजवळ वाळत ठेवले, ते जळून गेले. टंचाईच्या दिवसांत नवा जोड मिळेना. गांवांत हिंडून दुसरा मिळविला. गांवच्या मुख्याकडे कागदपत्र मागावयास गेल्या, तर तो म्हणाला, हिला सकाळीं गांवाबाहेर घालवा. त्या दिवसापासून बाईंनीं सरकारी दार ठोठावणें सोडलें.

मग एका घराचीं अनेक घरें झालीं. शेतकऱ्यांनीं निराश्रितांना माळ्यांवर, गोठ्यांत, शेतांतल्या वाड्यांत ठेवलें. त्यांच्या लेंकरांना आपल्या पोरांबरोबर शाळेंत बसविलें. कोणी खोटे ओळखदाखले केले, कोणी माणसांना स्वित्झर्लंडच्या सरहद्दीपर्यंत पोंचविलें. ऑगस्ट १९४२ मध्यें पोलीस बसगाड्या घेऊन आले आणि त्यांनीं त्रोक्मे यांच्याकडे यहुद्यांची यादी मागितली. आम्ही यहुदी ओळखत नाहीं, माणसें ओळखतों, अशा अर्थाचें उत्तर देऊन त्यांनीं यादी नाकारली. गाड्या उभ्या राहिल्या; भरायला माणसें सांपडेनात. लोक रानांत पांगले होते.

फेब्रुवारी १९४३ मध्यें दोन्ही पाद्री पकडले गेले. सरकारच्या हुकमांत वागूं, असें लिहून द्या म्हणजे सोडतों, असें सांगितलें. त्यांनीं सही केली नाहीं. तरी कांहीं आठवड्यांनीं सुटले. पुढें त्रोक्मे यांना कित्येक महिने दडून राहावें लागलें. पण काम थांबलें नाहीं, कारण तें आतां घराघराचें झालें होतें. सर्वच वांचले नाहींत. त्रोक्मे यांचा नातलग दानिएल याला जून १९४३ मध्यें त्याच्या विद्यार्थ्यांबरोबर धरून नेलें. तो १९४४ सालीं मायदानेक छावणींत मेला. यरुशलेमच्या याद वाशेम संस्थेनें १९९० सालीं साऱ्या गांवाचा आणि आसपासच्या वस्तीचा गौरव केला.

हिशेब सरळ मांडूं. युरोपांत सुमारें ६० लाख यहुदी मारले गेले. मोठीं चर्चें, मोठे मठाधिपति पुष्कळ ठिकाणीं गप्प राहिले. यहुद्यांवर ख्रिस्तहत्येचा सरसकट आळ घालूं नये, हें रोमन कॅथॉलिक चर्चनें १९६५ सालीं जाहीर केलें. तोंवर मेलेल्यांना त्याचा काय उपयोग? उलट ज्यांच्याजवळ दोन गाई आणि बटाट्याचें शेत, त्यांनीं दार उघडलें.

त्यांनीं तें कां केलें? आपल्या आज्यापणज्यांचा छळ त्यांनीं विसरूं दिला नव्हता. छळ सोसलेला माणूस दोन प्रकारचा होतो. एक म्हणतो, आतां माझी पाळी, मी दुसऱ्याला तुडवीन. दुसरा म्हणतो, मला ठाऊक आहे कसें लागतें तें. ये, आंत ये. यांतले आपण कोण व्हावयाचें, हें आपल्या मुलाबाळांसमोर, आपल्याच दारांत ठरतें. कोणी जन्माची यादी मागावयास आला, तर लिहिणारा हात आपला नसावा, इतकें मनाशीं ठरवून घरीं जा.