कायद्याचा पंडित रहस्यकथेच्या वाटेला का जातो?

(नांदेड येथे विधी शाखेचे विद्यार्थी, वकील आणि वाचनप्रेमी नागरिक यांच्यासमोर दिलेल्या व्याख्यानाचे शब्दांकन)



रहस्यकथा हा शब्द उच्चारताच आपल्याकडील विद्वानांच्या कपाळावर आठी उमटते. बाबुराव अर्नाळकरांनी हजाराहून अधिक रहस्यकथा लिहिल्या. सुहास शिरवळकरांच्या बॅरिस्टर अमर विश्वासने एका संपूर्ण पिढीला वाचनालयाची पायरी चढायला लावली. तरीही साहित्याच्या इतिहासात या लेखकांच्या वाट्याला जागा आली ती ओसरीवरची. उलट कायद्याचा ग्रंथ म्हणजे गांभीर्याची परिसीमा! तेव्हा एकच माणूस सार्वजनिक नीतीवर ग्रंथ लिहितो आणि त्याच लेखणीने रहस्यकादंबऱ्याही लिहितो, असे कानी आले की आपण सहज म्हणतो, ‘पैशासाठी लिहीत असेल.’ आज मला त्या सहज उद्गाराचा थोडा विचार आपल्यासोबत करायचा आहे.

स्टीफन कार्टर हे अमेरिकेतील येल विद्यापीठाचे कायद्याचे प्राध्यापक. १९८२ पासून त्यांचे तेथे अध्यापन. त्याआधी त्यांनी अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयात थर्गुड मार्शल या पहिल्या कृष्णवर्णीय न्यायमूर्तींचे साहाय्यक म्हणून काम केले. १९९३ मध्ये त्यांचा ‘द कल्चर ऑफ डिसबिलीफ’ हा ग्रंथ आला. अमेरिकेच्या सार्वजनिक जीवनात श्रद्धावान माणसाला त्याची श्रद्धा एखाद्या फावल्या वेळच्या छंदासारखी घरी ठेवून येण्यास सांगितले जाते आणि हे लोकशाहीच्या हिताचे नाही, हे त्याचे प्रतिपादन. त्यानंतर १९९६ मध्ये ‘इंटेग्रिटी’ आणि १९९८ मध्ये ‘सिव्हिलिटी’ असे सचोटी व सभ्यता या विषयांवरील दोन ग्रंथ आले. आणि २००२ मध्ये या गंभीर प्राध्यापकाने ‘द एम्परर ऑफ ओशन पार्क’ नावाची जाडजूड रहस्यकादंबरी वाचकांपुढे ठेवली! पुढे अशा आणखी काही कादंबऱ्या आल्या.

सचोटीच्या तीन पायऱ्या

कार्टर यांनी सचोटीच्या तीन पायऱ्या सांगितल्या आहेत. पहिली, योग्य काय आणि अयोग्य काय याचा स्वतः विचार करून निर्णय करणे. दुसरी, स्वतःची हानी होत असली तरी त्या निर्णयाप्रमाणे वागणे. आणि तिसरी, आपण असे का वागत आहोत हे चारचौघांत उघडपणे सांगणे. पहिली पायरी अभ्यासाने चढता येते. दुसरीला धैर्य लागते. तिसरीला तर त्याहूनही अधिक काही लागते, कारण उघड बोललेला शब्द उद्या आपल्यालाच बांधून घालतो. मनाने, वाचेने आणि कृतीने एक असावे ही आपल्या परंपरेची शिकवण फारशी निराळी नाही.

आता त्या कादंबरीकडे पाहा. एका प्रतिष्ठित न्यायाधीशाची सर्वोच्च न्यायालयावरील नियुक्ती एका गुन्हेगाराशी असलेल्या जुन्या मैत्रीमुळे फसते. त्याच्या मृत्यूनंतर कायद्याचाच प्राध्यापक असलेला त्याचा मुलगा वडिलांनी मागे ठेवलेल्या गूढाचा माग काढू लागतो. आयुष्यभर समाजाला नीतीचे धडे देणारा आपला पिता एकांतात कोण होता, या प्रश्नापाशी तो येऊन थांबतो. रहस्य मी फोडत नाही; ते वाचकाचे धन आहे. परंतु ग्रंथात ज्या तीन पायऱ्या विधानरूपाने मांडल्या, त्या पायऱ्यांवर जिवंत माणूस कसा घसरतो ते कादंबरीत दिसते. प्रबंध नियम सांगू शकतो. मोहाचा क्षण दाखवण्यासाठी कथाच लागते.

आपल्या घरचे उदाहरण

हे सारे परदेशातील झाले, असे आपण म्हणाल. तर मग आपल्याच घरातील एक उदाहरण घेऊ. न्यायमूर्ती काशिनाथ त्र्यंबक तेलंग यांचा जन्म १८५० चा. १८७२ मध्ये ते वकिलीत आले, १८८९ मध्ये, वयाच्या अवघ्या एकोणचाळिसाव्या वर्षी, मुंबई उच्च न्यायालयाचे न्यायाधीश झाले आणि १८९३ मध्ये त्यांचे निधन झाले. हिंदू धर्मशास्त्राचे जाणकार म्हणून न्यायालयात त्यांचा अधिकार मोठा होता. भगवद्गीतेचा त्यांनी केलेला इंग्रजी गद्य अनुवाद १८८२ मध्ये मॅक्स म्युलर यांच्या प्राच्य धर्मग्रंथांच्या मालेत प्रसिद्ध झाला. आणि याच कायदेपंडिताने १८८४ मध्ये विशाखदत्ताचे ‘मुद्राराक्षस’ हे संस्कृत नाटक ढुंढिराजाच्या टीकेसह चिकित्सकपणे संपादित केले.

‘मुद्राराक्षस’ म्हणजे काय? आपल्या प्राचीन वाङ्मयातील अस्सल रहस्यनाट्यच ते! त्यात शृंगार नाही, विदूषक नाही. आहेत ते गुप्तहेर, विषकन्या, वेषांतरे, एक अंगठी आणि एक पत्र. नंदांचा निष्ठावंत अमात्य राक्षस याची मुद्रा चाणक्याच्या हाती लागते. राक्षसाचाच मित्र शकटदास याच्याकडून, त्याला हेतूचा पत्ता लागू न देता, एक पत्र लिहवून घेतले जाते आणि त्यावर राक्षसाच्या मुद्रेचा ठसा उमटवला जातो. हस्ताक्षर खरे, मुद्रा खरी. मजकूर मात्र रचलेला! या पत्रावर विसंबून मलयकेतू आपल्या सर्वांत प्रामाणिक सल्लागाराला दूर करतो.

वकील बंधूंनो, तुमच्या व्यवसायाचा याहून मोठा धडा कोणता? कागद निर्दोष असू शकतो आणि सत्य तरीही त्याच्या बाहेर उभे असू शकते. ते सत्य नाटकात दिसते कुठे? चंदनदास नावाच्या जवाहिऱ्याच्या वागण्यात. राक्षसाच्या कुटुंबाला त्याने आश्रय दिला आहे. ‘त्यांना स्वाधीन कर, अन्यथा सुळी जा,’ असे सांगितल्यावर तो सुळाची वाट धरतो. आणि मित्र आपल्यासाठी मरतो आहे हे कळताच राक्षस स्वतः शत्रूच्या हाती येऊन उभा राहतो. चाणक्याची बुद्धी जिंकते, पण प्रेक्षकाचे मस्तक नमते ते या दोघांपुढे. तेलंगांसारख्या न्यायविदाला हे नाटक संपादनासाठी का जवळचे वाटले असेल, याचा अंदाज करायला मला तरी अडचण पडत नाही.

परंतु येथेच आपल्याला थांबावे लागते, कारण तेलंगांचे स्वतःचे चरित्रही हाच प्रश्न विचारते. १८८६ मध्ये त्यांनी सामाजिक सुधारणा आधी की राजकीय, या वादात व्याख्यान देऊन कमीत कमी विरोधाच्या मार्गाने जाण्याचा पुरस्कार केला. १८९१ च्या संमतिवयाच्या कायद्याला त्यांनी पाठिंबा दिला. आणि त्याच तेलंगांनी आपल्या मुलीचा विवाह बालवयातच करून दिला. त्यांच्या आधी, १८७३ मध्ये, न्यायमूर्ती रानड्यांनीही विधवाविवाहाचा पुरस्कार करीत असताना वडिलांच्या आग्रहाखातर अकरा वर्षांच्या मुलीशी दुसरा विवाह केला होता. या थोर पुरुषांना आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करण्याचा अधिकार आपणांपैकी कोणालाही नाही. त्यांची विद्वत्ता, त्यांचे राष्ट्रप्रेम निःसंशय आहे. पण कार्टर यांची पहिली आणि तिसरी पायरी चढलेली माणसेही दुसऱ्या पायरीवर, घराच्या उंबरठ्यातच, अडखळू शकतात, हे सत्य झाकून लोकनीतीची चर्चा करता येत नाही.

मराठवाड्याचा वारसा

रानडे, तेलंग आणि चंदावरकर यांच्यावर ‘तीन न्यायमूर्ती आणि त्यांचा काळ’ हे पुस्तक लिहिणारे न्यायमूर्ती नरेंद्र चपळगावकर हे आपल्याच मातीतले, बीडचे. २०२३ मध्ये वर्धा येथे भरलेल्या ९६ व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते. जानेवारी २०२५ मध्ये आपण त्यांना मुकलो. त्यांनी रहस्यकथा लिहिल्या नाहीत. पण त्यांच्या एका पुस्तकाचे नावच ‘कायदा आणि माणूस’ आहे. उच्च न्यायालयात न्यायदान केलेला हा गृहस्थ चरित्रे आणि व्यक्तिचित्रे लिहीत राहिला. निकालपत्रात माणूस वादी किंवा प्रतिवादी एवढाच उरतो. त्याचे उरलेले माणूसपण कुठेतरी लिहिले जावे लागते. कार्टर यांनी ते कादंबरीत शोधले, चपळगावकरांनी चरित्रात.

चपळगावकरांनी स्वामी रामानंद तीर्थांचेही चरित्र लिहिले, ‘कर्मयोगी संन्यासी’ या नावाने. श्रद्धावानाला सार्वजनिक जीवनात श्रद्धा लपवावी लागते ही कार्टर यांची तक्रार वाचताना मला या नांदेडमध्ये स्वामीजींचेच स्मरण होते. व्यंकटेश खेडगीकर या शिक्षकाने १९३२ मध्ये संन्यास घेतला आणि त्याच भगव्या वस्त्रानिशी हैदराबाद स्टेट काँग्रेसचे नेतृत्व केले, निजामाचा तुरुंग भोगला. वस्त्रे राजकारणाच्या दाराबाहेर ठेवून या, असे त्यांना मराठवाड्याने कधी म्हटले नाही. आणि स्वामीजींनीही त्या वस्त्रांच्या बळावर स्वतःसाठी काही मागितले नाही. १७ सप्टेंबर १९४८ नंतर मुक्त झालेल्या या भूमीत, १९५० मध्ये, नांदेडला त्यांच्या प्रेरणेने पीपल्स कॉलेज उभे राहिले. श्रद्धा सार्वजनिक जीवनात आली की काय होते या प्रश्नाचे उत्तर ती कोणाच्या अंगी आली आहे यावर असते. मागण्यासाठी आलेली श्रद्धा वेगळी, सोडण्यासाठी आलेली वेगळी.

आता शेजारच्या लातूरकडे वळू, कारण लोकनीती कायद्याच्या स्वाधीन केली की काय घडते, याचे उदाहरण तेथे आहे. महात्मा गांधींवरील एक मराठी कविता १९९४ मध्ये बँक कर्मचाऱ्यांच्या एका पत्रिकेत छापली गेली. ती अश्लील आहे, अशी तक्रार झाली आणि १९९५ मध्ये लातूरच्या पोलीस ठाण्यात गुन्हा नोंदला गेला. योगायोग असा की त्या ठाण्याचे नावच गांधी चौक! दंडाधिकारी, उच्च न्यायालयाचे खंडपीठ असा प्रवास करीत प्रकरण सर्वोच्च न्यायालयात पोहोचले. १४ मे २०१५ रोजी निकाल झाला. मुद्रक आणि प्रकाशक यांनी पुढच्याच अंकात विनाअट क्षमायाचना केलेली असल्याने त्यांना मुक्त करण्यात आले. कवीविरुद्धचा आरोप मात्र चालवावा असे ठरले. राष्ट्राला वंदनीय असलेल्या व्यक्तीच्या तोंडी अश्लील शब्द घालताना समकालीन समाजमान्यतेची कसोटी अधिक कठोरपणे लागते, हे तत्त्व न्यायालयाने त्यात सांगितले.

तक्रार करणाऱ्यांची व्यथा खोटी होती असे मी म्हणणार नाही, आणि न्यायालयाने सांगितलेले तत्त्वही विचारार्ह आहे. परंतु वीस वर्षे चाललेल्या त्या खटल्याने गांधीजींविषयीचा आदर एका तरी मनात वाढला का, हा प्रश्न मला सतावतो. तेव्हाच्या दंडविधानाचे कलम २९२ आता, १ जुलै २०२४ पासून, भारतीय न्याय संहितेचे कलम २९४ झाले. कलमाचा आकडा बदलला, मर्यादा तीच राहिली. कायदा अश्लीलतेला शिक्षा करू शकतो. आदर निर्माण करणे त्याच्या हाती नाही. तो घरात, शाळेत, वाचनालयात आणि मोठ्यांच्या वागण्यात निर्माण होतो. हे काम आपण टाळले की मग कलमांचा आधार शोधावा लागतो.

जाता जाता कार्टर यांच्या आजीची गोष्ट सांगतो. युनिस हंटन कार्टर या न्यूयॉर्कच्या सरकारी वकील. १९३६ मध्ये लकी लुसियानो या कुख्यात गुंडाला शिक्षा झाली, त्या तपासाची दिशा त्यांनी दाखवली. कुंटणखान्यांच्या किरकोळ खटल्यांत स्त्रिया पकडल्या जातात आणि त्याच त्या वकिलांच्या, त्याच त्या जामीनदारांच्या मदतीने सुटतात, हे त्यांच्या ध्यानी आले. प्रतिष्ठितांना ज्या स्त्रियांची कहाणी ऐकण्यासारखी वाटत नव्हती, त्यांच्या कहाणीत एका साम्राज्याचा धागा सापडला. नातवाने २०१८ मध्ये आजीचे चरित्र लिहिले. त्याचे नाव ‘इन्व्हिजिबल’, म्हणजे अदृश्य.

विद्यार्थी मित्रहो, उद्या नांदेडच्या, लातूरच्या, देगलूरच्या किंवा उदगीरच्या न्यायालयात तुम्ही उभे राहाल. तुमच्यापुढे कागद येतील, ठसे येतील, पंचनामे येतील. फिरलेला साक्षीदार येईल. आपला पक्षकार खोटे बोलतो आहे, हे कधी तुम्हालाच ठाऊक असेल, इतर कोणालाही नाही. त्या क्षणी काय करायचे याचे उत्तर केवळ ग्रंथातील कलमात मिळणार नाही. चंदनदासाला ते कोणत्याही स्मृतिग्रंथात शोधावे लागले नव्हते. म्हणून कायद्याचे ग्रंथ मन लावून वाचा. आणि त्यांच्या शेजारी कथा, चरित्रे, नाटके ठेवा. रहस्यकथाही ठेवा, संकोच नको! चांगली रहस्यकथा शेवटी एवढेच विचारते की कोणी पाहत नव्हते तेव्हा हा माणूस कसा वागला. समाजाची नीती या एका प्रश्नाच्या उत्तरावर उभी असते, आणि ते उत्तर प्रत्येकाने स्वतःच द्यायचे असते.