न गायिलेले गाणे



युरोव्हिजन गीतस्पर्धेत इस्रायल प्रथम १९७३ साली उतरला. इलानीत चौथी आली. १९७८ साली इझहार कोहेन, १९७९ मध्ये जेरुसलेमलाच गाली अटारी व तिचे साथीदार, १९९८ मध्ये डाना इंटरनॅशनल आणि २०१८ मध्ये नेट्टा, असे चार विजय आपल्या देशाला लाभले.

मला मात्र आज न गायिलेल्या गाण्याविषयी बोलावयाचे आहे. लागोपाठच्या दोन विजयांनंतरची स्पर्धा हेग येथे १९ एप्रिल १९८० रोजी ठरली. त्या शनिवारी शब्बाथ सरताच योम हझिकारोन, हुतात्म्यांचा स्मृतिदिन, सुरू होत होता. विजेता असूनही इस्रायल गेला नाही. १९८४ सालीही तसेच घडले.

परिचारिका म्हणून त्या दिवशीचा भोंगा मी अनेक वर्षे रुग्णालयात ऐकला. सारा वॉर्ड दोन मिनिटे स्तब्ध उभा राही. ज्यांना उठवत नसे, ते डोळे मिटून घेत. त्यांत कोणाची तरी आई असे.

पुन्हा जिंकलो असतो की नाही, कोण सांगणार? परंतु त्या रात्री अशा आईच्या शेजारघरी आपल्या गाण्याचा जल्लोष झाला नाही. तरुणांनी विजय मोजताना ही दोन वर्षेही स्मरावीत, एवढीच विनंती.