सोसायटीचा सचिव कोणाचा?



या परिषदेचे अध्यक्षपद आपण मला दिलेत, याबद्दल मी आपला ऋणी आहे. माझ्याहून योग्य माणसे होती, हे मी शिष्टाचार म्हणून बोलतो आहे, हे आपण जाणताच. संयोजकांच्या पत्रात सहकाराच्या सद्यःस्थितीचे समालोचन करावे, अशी सूचना होती, आणि त्याप्रमाणे १९०४ च्या पतसंस्था कायद्यापासून प्रवरेच्या कारखान्यापर्यंतची टिपणे मी काढूनही आणली आहेत. परंतु विकास सोसायटीच्या पंचकमिटीत हयात घालविलेल्या माणसाला असे व्यासपीठ पुन्हा लाभण्याचा संभव नसल्यामुळे, ती टिपणे खिशातच ठेवून, जी एक गोष्ट मला वर्षानुवर्षे सलते आहे तेवढीच मी बोलणार आहे.

ज्याच्या सहीवाचून कर्जाचे कमाल मर्यादा पत्रक बँकेकडे जात नाही, ज्याच्या हाती किर्द, खतावणी आणि तिजोरीची एक किल्ली असते, ज्याने वसुलीच्या दिवसांत सभासदाच्या ओसरीवर जाऊन बसावयाचे असते, त्या सचिवाची नेमणूक, बदली, रजा आणि बडतर्फी यांपैकी एकही गोष्ट सोसायटीच्या हाती नसावी, आणि त्याच्या पगारापोटी केडरची, म्हणजे सचिवांच्या जिल्हा पातळीवरील सेवकवर्गाची, वर्गणी मात्र तिने बिनबोभाट भरीत राहावे, ही वहिवाट मला आजतागायत उमगलेली नाही. नोकर आमचा, पगार आमचा आणि हुकूम जिल्ह्याचा!

केडर का आले, हे मी विसरलेलो नाही. लहान सोसायट्यांना पूर्णवेळ सचिव परवडत नव्हता, गावचा पुढारी सांगेल तसे दप्तर लिहिणारे सचिव होते, आणि अफरातफरीही होत होत्या. रोग खरा होता. परंतु त्यावर उपाय म्हणून रोग्यालाच घराबाहेर काढण्यात आले.

आज सकाळच्या परिसंवादात सचिवाच्या नेमणुकीवर दोन तास वाद झाला, आणि स्वायत्तता दिली तर चेअरमनचे भाचे-पुतणे खुर्च्या अडवतील, या आक्षेपाला टाळ्याही पडल्या. भाच्या-पुतण्यांचे मला ठाऊक नाही. मी मेहुणा नेमला होता. सोसायटीच्या रेशन दुकानावर सेल्समन नेमण्याचा अधिकार कमिटीचा असल्यामुळे, चेअरमन या नात्याने मी तो वापरला आणि ठराव एकमताने मंजूर करून घेतला. पुढच्या वार्षिक सभेत एक वृद्ध सभासद बाई उभी राहिली, पदराखालून साखरेची पुडी काढून तिने ती माझ्यासमोर टेबलावर ठेवली, आणि ‘दाजींचा काटा किती मारतो, ते दादा, तुम्हीच मोजा,’ एवढेच म्हणाली. सभा हसली, मी हसू शकलो नाही. आठ दिवसांत मेहुण्याचा राजीनामा घेतला, आणि त्यापुढचे दोन महिने माझ्या घरात मला ताट वाढले गेले, पण शब्द वाढला गेला नाही.

त्याच सुमारास आमच्याकडे आलेले एक सचिव सभासदांना वसुलीच्या पावत्या देत आणि किर्दीत जमा करीत नसत. हे लेखापरीक्षणात उघडकीस आले. आम्ही जिल्ह्याच्या कचेरीला सात पत्रे लिहिली. सहाव्या पत्राचे उत्तर आले, ‘आपले पत्र मिळाले.’ सातव्याचे उत्तर म्हणून त्या गृहस्थांची शेजारच्या तालुक्यात बदली झाली, रक्कम आमच्या पत्रकात ‘येणे’ म्हणून वर्षानुवर्षे झळकत राहिली, आणि त्यांच्या जागी आलेल्या सचिवांकडे आणखी तीन गावे असल्यामुळे ते फक्त मंगळवारी, बाजारच्या एस.टी.ने येत. मेहुण्याला जाब विचारणारी म्हातारी माझ्यासमोर बसली होती; सचिवांना जाब विचारायला तिने कोठे जायचे होते?

हे माझे एकट्याचे गाऱ्हाणे नव्हे. केंद्राने २००४ मध्ये नेमलेल्या वैद्यनाथन कार्यदलाने सोसायट्यांच्या पुनरुज्जीवनासाठी पैशाबरोबर जी अट घातली, तीत कर्मचाऱ्यांची भरती, नेमणूक आणि वेतन यांतील स्वायत्ततेचा स्पष्ट उल्लेख होता. महाराष्ट्राने २००६ साली केंद्र व नाबार्ड यांच्याशी त्रिपक्षीय करारही केला. ९७ व्या घटनादुरुस्तीने ‘स्वायत्त कार्य’ हे शब्द अनुच्छेद ४३-ब मध्ये आले. त्याच दुरुस्तीतील नववा-ब भाग सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये राज्यांतील संस्थांपुरता रद्द ठरविला. ४३-ब कायम आहे, पण ते निदेशक तत्त्व असल्यामुळे त्याच्या जोरावर कोर्टात दाद मागता येत नाही. एवंच, स्वायत्तता करारात आली, घटनेत आली. आमच्या कचेरीत मात्र ती अजून मंगळवारच्या एस.टी.नेसुद्धा आलेली नाही.

समोर बसलेल्या सचिव मंडळींनी माझ्यावर रुष्ट होऊ नये. वर्गणी थकली म्हणजे कित्येक महिने पगार कोणाचा रखडतो? तुमचाच. जिल्हा म्हणतो सोसायटीकडे मागा, सोसायटी म्हणते जिल्ह्याकडे मागा, आणि दोन्ही उंबरठे झिजवून तुम्ही सावकाराकडे जाता, हे मी डोळ्यांनी पाहिले आहे. मला तुमची नोकरी घालवायची नाही. तुम्हाला धनी मिळवून द्यायचा आहे.

पुढे काय करावे? ज्यांना परवडते त्यांनी आपला सचिव स्वतः नेमावा, ज्यांना परवडत नाही त्यांनी दोन-तीन शेजारगावे मिळून एक माणूस ठेवावा, त्याच्या निर्वाहनिधीची तजवीज व्हावी, पोटनियमांचा मसुदा एखाद्या समितीने करावा. तपशील मजपेक्षा तरुण मंडळी बसवतील. मी एवढेच करणार आहे की, ३० सप्टेंबरच्या आत होणाऱ्या आमच्या वार्षिक सभेत आपला सचिव आपणच नेमण्याचा ठराव मांडणार आहे. तोच ठराव आपापल्या गावी मांडण्यास जे तयार असतील, त्यांनी जेवणाची पंगत बसण्यापूर्वी आपली नावे व सोसायटीचे नाव या टेबलावर लिहून द्यावे.